पाणी सोडलेली भांडी

त्या दिवशी आम्ही भाताच्या रोपांसाठी राब भाजत होतो. चैत्र संपत आला होता आणि ऊन असं की ढेकूळ उचललं तरी हाताला चटका बसावा. खाली शेण, वर पालापाचोळा, त्यावर मातीचा थर, असा राब रचून कडेनं पेटवला की माणसाला फारसं काम नसतं. वारा कुठं फिरतो ते बघत उभं राहायचं आणि धूर खायचा. शेजारच्या खाचरात गिरजावहिनी एकटीच राब लावत होती. तिचा नवरा दामू, म्हणजे माझा चुलतभाऊ, सकाळीच गावाची भांडी घेऊन शहापूरला कल्हई लावायला गेला होता.

तेवढ्यात माझा फोन वाजला. धसईचा पिकअपवाला भावेश. त्याच्याच गाडीतून दामू गेला होता.

"काका, दामूकाकाला पोलिसांनी घेतला. भांड्यांसकट."

"घेतला म्हंजे?"

"म्हंजे बसवलाय. चोरीचा माल बोलतात. मला पन बसवलाय. तुमी या, लगेच या."

गिरजावहिनी पदरानं घाम पुसत बांधावर आली होती. माझं तोंड बघूनच तिला कळलं की काहीतरी बिनसलंय. मी सांगितलं तेव्हा तिनं पहिला प्रश्न विचारला तो दामूचा नाही, भांड्यांचा. तिला दोष देऊ नका. तिच्या नम्रताचं लग्न अठरा दिवसांवर आलं होतं, आणि ती भांडी तिच्या घरची नव्हती.

भांडी कसली ते सांगतो, नाहीतर पुढचं कळायचं नाही. आमचं उंबरटेप चाळीस-बेचाळीस घरांचं गाव. गावदेवीच्या देवळाला लागून एक खोली आहे, तिच्यात गावकीची भांडी असतात. तपेली, हंडे, पराती, कळश्या, सगळी तांब्या-पितळेची, मोजून एक्केचाळीस. घरातलं कोणी म्हातारं माणूस गेलं की बाराव्यानंतर त्या घरानं एक भांडं घ्यायचं, त्यावर गेलेल्याचं नाव कोरायचं आणि ते देवीपुढं ठेवायचं. मग ओंजळीत पाणी घ्यायचं, "माझं नाय, गावाचं" असं बोलायचं आणि भांड्यावर पाणी सोडायचं. झालं. त्या दिवसापासून ते भांडं गावाचं. कुणाच्याही घरी लग्न असो, भांडी फुकट मिळतात. अट एकच, नेणाऱ्यानं आधी कल्हई लावून घ्यायची आणि परत देताना चकचकीत घासून द्यायची.

आणि एक गोष्ट कधी करायची नाही. त्या भांड्याला माझं म्हणायचं नाही. माझ्या बापाच्या नावाची परात त्यात आहे. पण मी तिला कानाकडं चेपलेली परात म्हणतो, बापाची परात म्हणत नाही. एखादं पोर चुकून आमच्या आजीचं तपेलं असं बोललं तर त्याच्या थोबाडीत बसते. पाणी सोडलं ते सोडलं.

पूर्वी कल्हईवाला भाता घेऊन गावात यायचा. आता एकच म्हातारा उरलाय, शहापूरच्या बाजारात एका बोळात बसतो. म्हणून दामूनं एक्केचाळीस भांडी पहाटे पिकअपमध्ये भरली होती. त्याचं नशीब असं की त्या महिन्यात आमच्या पट्ट्यात देवळांच्या घंटा चोरीला जात होत्या. नाक्यावर पोलीस उभे होते आणि समोरून पितळेनं भरलेली गाडी आली. पोलिसांना वाटलं, चोर स्वतःच्या पायानं चालत आला.

ते कुठलं ठाणं ते मी सांगत नाही. सांगितलं तर पुन्हा तिथं जावं लागेल, आणि त्या जागेचा मला आता वीट आलाय.

मी आणि गिरजावहिनी पोचलो तेव्हा दामू भिंतीला टेकून उकिडवा बसला होता. एक कान लालभडक. त्यानं आमच्याकडं बघितलं आणि मान खाली घातली. भांडी बाहेर अंगणात, जप्त केलेल्या मोटारसायकलींच्या मध्ये ओतून टाकल्यासारखी पडली होती. टेबलाशी मुद्देमालाचा हवालदार बसला होता. पोटावरची बटणं ताणलेली, तोंडात तंबाखू, आणि बोलताना समोरच्याकडं न बघता मोबाइलकडं बघायचं अशी सवय.

मी भातसानगरच्या वसाहतीत बावीस वर्षं पंपावर होतो. अर्ज लिहितो, साहेब लोकांशी बोलायची सवय आहे, म्हणून गाव मला पुढं करतं. मी हात जोडून सगळं सांगितलं. गावकी, लग्न, कल्हई.

"गावकी म्हणजे कोण?" हवालदार म्हणाला.

"म्हणजे गाव, साहेब. सगळ्यांचं मिळून."

"आधार कार्ड आहे का तिचं?"

तिथं बसलेला दुसरा शिपाई हसला. हवालदारानं समोरचा कागद ओढला आणि मला वाचून दाखवला. "सदर इसमास सदर पिवळ्या व तांबड्या धातूच्या भांड्यांबाबत विचारले असता, सदरची भांडी आपली नसल्याचे त्याने पंचांसमक्ष कबूल केले आहे." कागद खाली ठेवून तो म्हणाला, "कबूल केलंय तुझ्या भावानं. अजून काय पाहिजे?"

मी दामूकडं बघितलं. "काय बोललास रे तू?"

"मी काय बोलनार? त्यांनी विचारलं, तुझी का? मी बोललो, माझी नायत." दामूनं कान चोळला. "मंग काय माझी हायत बोलू? पानी सोडलेल्या भांड्याला?"

आता यावर त्या हवालदाराला काय समजवायचं? आमच्या गावात तो शब्द बोलला नाही तर पाप, आणि तिथं तोच शब्द बोलला म्हणून एक कान सुजला.

"बरं, आणि ही नावं बघ," हवालदार म्हणाला. "प्रत्येक भांड्यावर वेगळं नाव. चाळीस घरं फोडलीत तुम्ही. बोलवा यांना. प्रत्येकानं येऊन आपलं भांडं ओळखायचं आणि घेऊन जायचं."

"साहेब, ते सगळे कैलासवासी आहेत. पुढं कै. लिहिलंय बघा."

"म्हणजे मेलेल्यांची घरं धरली. तक्रार द्यायला कोण येत नाय ना."

तो स्वतःच्याच बोलण्यावर खूश झाला. दामूला संध्याकाळी नोटीस देऊन सोडला. भावेशची गाडी कुणाच्या तरी फोनवर त्याच दिवशी सुटली. भांडी मात्र राहिली. भांड्यांसाठी फोन करणारं कोणी नव्हतं.

मग सुरू झाल्या खेपा. सोमवारी गेलो तर साहेब बंदोबस्ताला. बुधवारी गेलो तर साहेब आहेत पण चावी ज्याच्याकडं तो रजेवर. गिरजावहिनी प्रत्येक वेळी माझ्याबरोबर. दामू येत नव्हता. तो घरात बसून असायचा, विचारलं तर हूं म्हणायचा, नाहीतर तेही नाही. माणूस बैलासारखा राबणारा, पण चोर हा शब्द त्याच्या अंगात कुसळासारखा रुतला होता. लग्नाची कामं सगळी गिरजेवर पडली होती, आणि वर हे.

तिसऱ्या खेपेला जे बघितलं ते सांगताना आजही माझ्या तोंडाला पाणी सुटतं, ओकारीचं.

अंगणात भांडी कमी दिसत होती. गिरजावहिनी ठाण्याच्या मागं गेली, मी तिच्या मागोमाग. मागं न्हाणीघर होतं. त्याच्या दाराशी आमचं घंगाळ, आणि त्यात फरशी पुसायचं फडकं भिजत घातलेलं. पाणी काळं, वर विडीची थोटकं तरंगत होती. बाजूला एक शिपाई मोटारसायकलची चेन सोडून बसला होता, आणि ते काळं तेल त्यानं कानाकडं चेपलेल्या परातीत गाळलं होतं. चुलीच्या तीन दगडांशेजारी सगळ्यांत मोठं तपेलं. त्यात आदल्या दिवशीच्या कोंबडीचा रस्सा आटून चिकटलेला, हाडं तशीच, आणि माश्या एवढ्या की तपेल्याचा तळ दिसत नव्हता. बिनकल्हईच्या पितळेत आंबट रस्सा हिरवा पडला होता. खाणाऱ्याला काही झालं असेल तर मला त्याचं वाईट वाटणार नाही.

ते तपेलं गिरजेच्या सासऱ्याच्या नावाचं. तिनं ते बघितलं, इकडंतिकडं बघून मूठभर राख घेतली आणि खाली बसली.

"ए बाई," हवालदार मागून ओरडला. "मुद्देमालाला हात लावायचा नाय."

"घासते नुसतं. लोकं जेवतात यात."

"जेवलो की आम्ही पण. हात काढ."

तिनं राख खाली टाकली. परत येताना बसमध्ये ती म्हणाली, "भावजी, घरात उंदीर मेला त आपन दोन दिवस जेवत नाय. ही मानसं कशी जेवत असतील हो?"

मला माझ्या बापाच्या परातीतलं ते काळं तेल दिसत होतं, आणि मी दोन दिवस नीट जेवलो नाही.

शहापूरला दर्शना वकीलबाई आहेत, तरुण आहेत, पण ऐकून घेतात. त्यांनी सगळं ऐकलं, पंचनामा वाचला आणि कपाळाला हात लावला. "काका, फिर्यादी कोणीच नाही. चोरी झाल्याची तक्रारच नाही. कोर्टात अर्ज केला तर माल सुटेल. पण मालक म्हणून कोणीतरी एकानं शपथेवर सांगावं लागेल की ही भांडी माझी आहेत."

"गावाची असं नाही सांगता येणार?"

"गावकीची नोंदणी आहे? ट्रस्ट आहे? पंचायतीच्या दप्तरात ही भांडी आहेत?"

नव्हती. देवीपुढं पाणी सोडताना कोणी दप्तर घेऊन बसत नाही.

"मग एक नाव द्या. एकाच माणसाचं. भांडी लग्नाआधी हवी असतील तर या आठवड्यातच."

संध्याकाळी देवळापुढं बैठक बसली. देवजीबाबा गावकीचे वडीलधारे, सत्तरीचे, त्यांच्या शब्दाबाहेर कोणी जात नाही. मी वकीलबाईंचं म्हणणं सांगितलं. सगळी बैठक चिडली, पोलिसांच्या आया-बहिणी काढून झाल्या. बाळी म्हणून दामूची शेजारीण आहे, तिच्या सासूच्या नावाचं एक तपेलं त्यात आहे. ती सगळ्यांत जास्त तापली.

"माझ्या सासूच्या... म्हंजे त्या गोल बुडाच्या तपेल्यात कोंबडी शिजवली का रांडच्यांनी? काय पन करा, पन भांडी आना."

"आनायची त एकानं माझी बोलायला पाहिजे," मी म्हणालो. "कोन बोलतो?"

मघाशी तापलेली माणसं एकाएकी गार पडली. कोणी तंबाखू मळायला लागला, कोणी चपलेचा अंगठा बघायला लागला. देवजीबाबांनी घसा खाकरला. "पानी सोडलेल्याला माझं बोलनं म्हंजे वकलेलं खानं. आमच्या वडलांनी असलं काय केलं नाय."

"मंग भांडी राहू द्यायची त्यांच्याकडं?"

"तसं नाय. भांडी आली पायजेत."

"कशी?"

यावर देवजीबाबा देवीच्या मुखवट्याकडं बघत राहिले. मी दामूकडं बघितलं. त्यानं मान हलवली. "मला परत काय बोलाया लावू नको, ज्ञानू. एकदा बोललो तेवढं पुरं."

तेव्हा बायांच्या घोळक्यातून गिरजावहिनी उठली. "मी बोलते."

ती पुढं आली आणि देवजीबाबांकडं वळली.

"माझ्या पोरीच्या लग्नासाठीच त गेली व्हती भांडी. आमच्या हातून गेली, आमच्याच हातून आली पायजेत. तोंडानं बोलीन, मनातनं नाय बोलनार. देवजीबाबा, चालंल ना?"

देवजीबाबा हो म्हणाले नाहीत. नाही पण म्हणाले नाहीत. त्यांनी हातातली काठी या मांडीवरून त्या मांडीवर ठेवली आणि आता उशीर झाला, गुरं यायची वेळ झाली, असं म्हणून उठले. त्यांच्यामागं सगळे उठले. मला वाटलं, संमती मिळाली. मी मूर्ख.

कोर्टात आमचा नंबर दुपारी लागला. गिरजावहिनीनं लग्नासाठी घेतलेलं नवं लुगडं नेसलं नव्हतं, रोजचंच धुऊन नेसलं होतं. न्यायाधीशांनी अर्ज वाचला, चष्म्यावरून बघितलं आणि विचारलं, "बाई, ही भांडी कोणाची?"

वकीलबाईंनी मागं वळून तिच्याकडं बघितलं. मी बाकावर बसलो होतो. तिचे ओठ हलताना मला दिसत होते, आणि मला भीती वाटली की ही सवयीनं गावाची म्हणणार आणि सगळंच बुडणार.

"माझी," ती म्हणाली.

"सगळी?"

"सगळी माझी."

"यावर वेगवेगळी नावं आहेत."

"माझीच मानसं ती. सगळी माझीच."

न्यायाधीशांनी मान डोलावली. पोलिसांचं म्हणणं आलं, त्यातही पिवळ्या धातूच्या पलीकडं काही नव्हतं. हमीपत्र लिहून घेऊन भांडी परत द्यायचा हुकूम झाला. बाहेर आल्यावर गिरजा नळाशी गेली आणि चार वेळा चूळ भरली. मी विचारलं, "वयनी, काय झालं?" तर म्हणाली, "तोंड कडू झालं."

हुकूम घेऊन ठाण्यावर गेलो तर हवालदाराचा चेहरा उतरला. एकेक भांडं ओळखून, सही घेऊन द्यायचं असं ठरलं. तो नाव वाचायचा आणि गिरजा, जिला अक्षर येत नाही, ती नुसत्या पोच्यांवरून भांडं उचलून आणायची. ही कडीला डाग दिलेली कळशी. हा कमरेला वाकलेला हंडा. हवालदार दोन वेळा मुद्दाम चुकीचं नाव बोलला. दोन्ही वेळा ती जागची हलली नाही. तिसऱ्या वेळी त्यानं नाद सोडला. शेवटी चाळीस झाली.

"झाली," हवालदार म्हणाला. "कर अंगठा."

"एक राहिली. तांब्याची कळशी."

"मोजायला चुकली असशील."

गिरजा सरळ आत गेली. साहेबांच्या खोलीच्या दाराशी स्टुलावर आमची कळशी होती, वर प्लास्टिकचा ग्लास उपडा. तिनं ग्लास बाजूला ठेवला, कळशीतलं पाणी तिथंच मोरीत ओतलं आणि कळशी काखेत मारली.

"ए, ती ठाण्याची आहे," हवालदार दार अडवून उभा राहिला. "प्यायच्या पाण्याची. राहू दे एक, काय फरक पडतो? एवढी भांडी आहेत तुझी."

"वाचा त्याच्यावर काय हाय ते."

"कै. ठमीबाई..." तो वाचता वाचता थांबला.

"ठान्याची आई का ती?" गिरजा म्हणाली. "कवा मेली?"

मागचा शिपाई खो खो हसला. हवालदार बाजूला झाला. त्या सगळ्या घाणीत तेवढं एक मला आवडलं.

पिकअप भावेशचीच होती. वाटेत ओढ्यावर थांबून आम्ही भांडी धुतली. ओढ्याला घोटाभर पाणी होतं. गिरजानं चिंच आणि राख आणली होती, ती घासत होती आणि मी विसळत होतो. प्रत्येक भांड्याच्या बुडाला लाल ऑइलपेंटनं गुन्ह्याचा नंबर घातला होता. तो काही निघाला नाही. परातीतलं तेल तीन वेळा घासून गेलं, वास गेला नाही.

गावात शिरलो तर देवळापुढं सगळे जमलेले. मला वाटलं, स्वागताला आलेत. भांडी उतरवून देवीपुढं मांडली. एक्केचाळीस. लग्न चार दिवसांवर होतं, म्हणजे कल्हईला अजून दोन दिवस होते. मी तसं बोलून दाखवलं.

"भांडी खोलीत ठेवा," देवजीबाबा म्हणाले. "कुलूप लावा."

"आनि कल्हई?"

"गिरजेच्या दारात भांडी जायची नायत. वर्षभर नाय. तिनं सगळ्यांदेखत माझी बोललीय."

मी म्हणालो, "बाबा, तुमच्यापुढंच ठरलं होतं."

"माझ्यापुढं कोन काय बोलला ते मी ऐकलं. मी हो कवा बोललो? नियम म्हंजे नियम, ज्ञानू. आज हिला सोडली त उद्या कोनपन उठंल आनि माझी बोलंल."

बाळी पुढं सरकली. "कोर्टाच्या कागदावर सगळी भांडी हिच्या नावावर झाली ना? मी विचारलं एका शिकलेल्याला. उद्या हिनं विकली त आमी काय करनार? माझ्या सासूचं तपेलं ही आपलं बोलली."

भांडी आना म्हणून जी सगळ्यांत जास्त बोंबलली होती, तीच ही. आणि बाकीचे माना डोलवत होते. जी माणसं दोन महिने गिरजेच्या दारात हळदीला पापड लाटायला येणार म्हणून सांगत होती, तीच. पोलिसांच्या न्हाणीघराशी मला जशी शिसारी आली होती तशीच तिथं आली, फक्त इथं सगळे नात्यातले होते.

इतके दिवस मुका झालेला दामू तेव्हा बोलला. आवाज मोठा केला नाही. "मी माझी नाय बोललो, तर पोलीस बोलले चोर. हिनं माझी बोलली, तर तुमी बोलता चोर. मंग आमी बोलायचं तरी काय?"

देवजीबाबा म्हणाले, "देवीला नारळ दे, परत पानी सोड, आनि वर्ष जाऊ दे. मंग काय नाय."

गिरजानं दामूच्या दंडाला धरून त्याला मागं केलं. देवळातला तांब्या घेतला, ओंजळीत पाणी घेतलं आणि मांडलेल्या भांड्यांवर सोडलं. भांडी फारशी ओली झाली नाहीत, पण तिनं पहिल्यापासून शेवटपर्यंत एकही भांडं चुकवलं नाही. मग उरलेली ओंजळ तिनं देवजीबाबांच्या पायांपुढं, जमिनीवर सोडली.

"भांड्यांवर सोडलं पानी," ती म्हणाली. "तुमच्यावर पन सोडलं."

आणि घरी गेली. त्या वेळी मी उठून बोलायला पाहिजे होतं. अर्ज मी लिहिला होता, कोर्टात मी बसलो होतो, वकीलबाईंचं म्हणणं गावाला मी सांगितलं होतं. पण माझ्या बापाची परात त्या खोलीत आहे, उद्या माझा पण बारावा त्याच गावात होणार आहे, असलं काहीतरी मनात आलं आणि मी बसून राहिलो. नंतर कुलूप लावायला चावी मागितली तेव्हा ती पुढं केली ती पण मीच.

लग्न ठरल्या दिवशी झालं. कोर्टाच्या कागदावर एक्केचाळीस भांड्यांची मालकीण असलेल्या बाईनं धसईच्या मांडववाल्याकडून जर्मनची, म्हणजे अॅल्युमिनियमची टोपं भाड्यानं आणली. नम्रता शिकलेली पोर आहे, तिला सगळं कळत होतं, पण ती आईला काही बोलली नाही. वऱ्हाड वेळेवर आलं. अक्षता पडल्या. दामूच्या बहिणींनी नवरीची ओटी भरली, आणि दामू कितीतरी दिवसांनी कुणाच्या तरी बोलण्यावर हसला.

जेवायला अख्खं गाव आलं होतं. आमंत्रण आधीच गेलेलं होतं आणि लग्नाचं आमंत्रण मागं घेता येत नाही. बाळी मांडीवर नातू घेऊन पहिल्याच पंगतीला बसली. भात, डाळ, बटाट्याची भाजी, बुंदी. वाढायला भाचे-पुतणे होते, पण दुसऱ्या पंगतीला भाताचं घमेलं घेऊन गिरजा स्वतः फिरली. देवजीबाबा माझ्या शेजारी बसले होते. त्यांनी डाळ-भात कालवला, चार घास खाल्ले, मिशी पुसली आणि तिच्याकडं वर बघून म्हणाले, "भात चांगला झालाय गो. पन पितळेच्या तपेल्यात शिजला असता त चव न्यारी आली असती."

मी घास हातात घेऊन थांबलो. वाटलं, आता ही ते घमेलं म्हाताऱ्याच्या डोक्यात घालते.

"बाबा, भात लाकडांवर शिजतो," गिरजा म्हणाली. "भांडं कुनाचं ते तांदळाला कळत नाय." आणि तिनं त्यांच्या पत्रावळीवर आणखी दोन मुठी भात टाकला. "जेवा. पोट भरून जेवा."

देवजीबाबा जेवले. सगळा भात संपवला, ताकाची वाटी तोंडाला लावली, ढेकर दिली. मग ती माझ्यापुढं येऊन उभी राहिली.

"भावजी, वाढू?"

मला तिच्याकडं वर बघवेना. मी पत्रावळ पुढं केली. तिनं वाढला तेवढा भात मी खाली मान घालून जेवलो.